तारीख पुढे गेली म्हणजे नेमके काय झाले?

वाचकांचे प्रश्न

महामारीच्या दोन वर्षांत मोठ्या चित्रपटांच्या तारखा वारंवार का बदलल्या, असे विचारणारी बरीच पत्रे आमच्याकडे आली. त्यातली बहुतेक सोलापूर शहर आणि जिल्ह्यातली आहेत. मराठी, हिंदी, तेलुगू आणि कन्नड चित्रपट एकाच गावात पाहणारा प्रेक्षक इथे आहे, त्यामुळे एखादी तारीख बदलली की त्याचा परिणाम इथल्या पाटीवर लगेच दिसतो. निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरे देत आहोत.

जेम्स बाँडचा ‘नो टाइम टू डाय’ नेमका किती वेळा पुढे ढकलला? कोणी तीनदा म्हणते, कोणी पाचदा.
— एक वाचक, जुळे सोलापूर

दोन्ही आकडे बरोबर आहेत, मोजणी कुठून सुरू करता त्यावर ते ठरते. पहिली तारीख 2019 च्या हिवाळ्याची होती: ब्रिटनमध्ये 25 ऑक्टोबर, अमेरिकेत 8 नोव्हेंबर. ऑगस्ट 2018 मध्ये दिग्दर्शक डॅनी बॉइल बाजूला झाले आणि कॅरी फुकुनागा आले, म्हणून ती 14 फेब्रुवारी 2020 वर गेली. मग चित्रीकरणाच्या वेळापत्रकात ती आणखी सरकून एप्रिल 2020 झाली. या दोन बदलांचा साथीशी काही संबंध नाही.

साथीमुळे झालेले बदल तीन. पहिला 4 मार्च 2020 ला जाहीर झाला. जागतिक आरोग्य संघटनेने महामारी जाहीर केली ती 11 मार्चला, म्हणजे निर्मात्यांचा निर्णय त्याच्या आठवडाभर आधीचा. त्या दिवशी अमेरिका-ब्रिटनमधली थिएटरे उघडीच होती, त्यामुळे अनेकांना ही घाई वाटली. पण या चित्रपटाच्या जगभरच्या सुमारे 77 कोटी 40 लाख डॉलर गल्ल्यात अमेरिका-कॅनडाचा वाटा शेवटी 16 कोटींच्या आसपासच भरला. बाँडचे पाचपैकी चार रुपये अमेरिकेबाहेरून येतात. चीनमधली थिएटरे तेव्हा बंद होती आणि इटलीत साथ पसरत होती. खर्च 25 कोटी डॉलरच्या घरात असताना अर्ध्या नकाशावर चित्रपट लावणे परवडणारे नव्हते. शिवाय शेवटच्या महिन्यातल्या जाहिरातींचा मोठा खर्च अजून व्हायचा होता. महिनाभर आधी थांबले तर तो वाचतो, आठवडाभर आधी थांबले तर बुडतो.

तेव्हाची नवी तारीख होती नोव्हेंबर 2020: ब्रिटनमध्ये 12, अमेरिकेत 25. दुसरा बदल 2 ऑक्टोबर 2020 ला झाला आणि तारीख 2 एप्रिल 2021 वर गेली. तिसरा जानेवारी 2021 मध्ये झाला, तेव्हा ऑक्टोबर 2021 ठरला. अखेर 28 सप्टेंबर 2021 ला लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये पहिला खेळ झाला.

वेळापत्रक किती विस्कटले होते ते शीर्षकगीतावरून कळते. बिली आयलिशचे गाणे एप्रिलच्या तारखेला धरून फेब्रुवारी 2020 मध्ये बाहेर आले. मार्च 2021 मध्ये त्याला चित्रपटगीताचे ग्रॅमी मिळाले, आणि ज्या चित्रपटासाठी ते लिहिले तो तोवर एकाही प्रेक्षकाने तिकीट काढून पाहिला नव्हता. गाणे आधी गाजवायचे आणि त्या लाटेवर चित्रपट आणायचा, हे गणित दीड वर्षाच्या अंतराने मोडले. मार्च 2022 मध्ये त्याच गाण्याला ऑस्कर मिळाले.

एका चित्रपटाची तारीख हलली की बाकीच्यांच्या का हलतात? ज्याचा त्याने आपला चित्रपट लावावा.
— एक वाचक, सात रस्ता

पडदे तेवढेच असतात आणि सुट्ट्यांचे आठवडेही तेवढेच असतात. मोठा चित्रपट लागला की पहिल्या आठवड्यात बहुतेक पडदे तो घेतो. त्याच दिवशी दुसरा मोठा आला तर दोघांचेही पडदे निम्मे होतात.

बाँडचेच उदाहरण पाहा. 2 ऑक्टोबर 2020 ला त्याने जी 2 एप्रिल 2021 ही तारीख घेतली, ती तोवर ‘फास्ट अँड फ्युरियस’ मालिकेच्या नवव्या भागाची होती. अमेरिकेबाहेर बाँडचे वितरण युनिव्हर्सलकडे होते आणि नववा भाग तर युनिव्हर्सलचाच. आपलेच दोन चित्रपट एका दिवशी कोण लावील? नववा भाग लगोलग 28 मे 2021 वर गेला, तिथून 25 जूनवर. आणि तोही सगळीकडे एकदम लागला नाही. दक्षिण कोरिया आणि चीनमध्ये तो मे महिन्यातच लावला गेला, कारण तिथली थिएटरे सुरू होती.

परिणाम चित्रपटांपुरताच राहिला असता तर सोसला असता. बाँड दुसऱ्यांदा पुढे गेल्यावर तीन दिवसांत सिनेवर्ल्ड कंपनीने अमेरिकेतील 536 आणि ब्रिटनमधील 127 थिएटरे पुन्हा बंद करण्याचे जाहीर केले. त्यावर सुमारे 45,000 जणांची रोजीरोटी होती. उघडे थिएटर चालवायला दर आठवड्याला काहीतरी लावावे लागते. वीज, पगार आणि सफाई रोज चालूच असते. ज्या चित्रपटाच्या भरवशावर नोव्हेंबरपर्यंत तग धरायचा तोच निघून गेला, तेव्हा रिकामे खेळ चालवण्यापेक्षा कुलूप स्वस्त पडले. निर्माते थिएटरांची वाट पाहत होते आणि थिएटरे निर्मात्यांची. या काळातली सगळ्यात मोठी कोंडी हीच होती आणि तिची किंमत तिकीट फाडणाऱ्याने, झाडू मारणाऱ्याने मोजली. हे विसरू नये.

बाँड भारतात 30 सप्टेंबर 2021 ला लागला, असे सगळीकडे लिहिलेले आहे. मग सोलापुरात तो त्या आठवड्यात का नव्हता?
— एक वाचक, विजापूर रोड

कारण त्या दिवशी महाराष्ट्रातली थिएटरे बंद होती. केंद्राने 15 ऑक्टोबर 2020 पासून निम्म्या आसनांवर परवानगी दिली, आपल्या राज्याने ती 5 नोव्हेंबर 2020 पासून दिली. फेब्रुवारी 2021 मध्ये केंद्राने पूर्ण आसने मोकळी केली, महाराष्ट्र निम्म्यावरच राहिला. दुसऱ्या लाटेत एप्रिल 2021 च्या सुरुवातीला थिएटरे पुन्हा बंद झाली. ती 22 ऑक्टोबर 2021 ला उघडली, तीही निम्म्या आसनांवर. म्हणजे भारतातल्या तारखेनंतर 22 दिवसांनी.

त्याच वेळी कर्नाटकात थिएटरे चालू होती. आपल्या विजापूर रोडने चाळीसेक किलोमीटर गेले की राज्य बदलते, नियम बदलतो आणि टॉकीजचे दारही उघडे असते. ‘भारतात प्रदर्शित’ या दोन शब्दांत त्या काळी किती राज्ये होती, हे दर वेळी तपासावे लागे.

जगाचेही तसेच झाले. ब्रिटन आणि भारत 30 सप्टेंबर, फ्रान्स 6 ऑक्टोबर, अमेरिका 8 ऑक्टोबर, चीन 29 ऑक्टोबर आणि ऑस्ट्रेलिया 11 नोव्हेंबर. सिडनी आणि मेलबर्न तोवर टाळेबंदीतून नुकतेच बाहेर येत होते. ब्रिटनपासून ऑस्ट्रेलियापर्यंत बरोबर सहा आठवडे झाले. चीनची गोष्ट वेगळी, तिथे परदेशी चित्रपटाला तारीख सरकार देते आणि बहुधा ऐन वेळी देते. तिकिटातला परदेशी स्टुडिओचा वाटाही तिथे सुमारे पाव हिस्साच असतो.

जिथे थिएटरे उघडी तिथे लावायचे, बाकीच्यांनी नंतर पाहायचे. यात अडचण काय होती?
— एक विद्यार्थी, केगाव

हा प्रयोग ‘टेनेट’ने केला. त्याची मूळ तारीख 17 जुलै 2020 होती. ती 31 जुलै झाली, 12 ऑगस्ट झाली आणि मग जगभर एकच तारीख हा आग्रहच सोडून देण्यात आला. 26 ऑगस्टला तो सुमारे 70 देशांत लागायला सुरुवात झाली, 3 सप्टेंबरला अमेरिकेत, 4 सप्टेंबरला चीनमध्ये आणि भारतात थेट 4 डिसेंबरला. एरवी जिला पहिला मान मिळतो ती अमेरिका इथे मागे राहिली, आणि तिथेही न्यूयॉर्क व लॉस एंजेलिस बंदच होते. जगभरचा गल्ला 36 कोटी डॉलरच्या आसपास थांबला आणि खर्च 20 कोटींच्या घरातला होता. थिएटर आपला वाटा कापून घेते, जाहिरातीचा खर्च वेगळा, म्हणून एवढ्या गल्ल्यात निर्मात्याचे पैसे सुटत नाहीत.

देशादेशांत अंतर पडले की दोन गोष्टी निसटतात. एक, उत्सुकता. रहस्य ज्याच्या पोटात आहे असा चित्रपट ऑगस्टमध्ये लंडनला फुटला तर डिसेंबरमध्ये सोलापुरात काय उरणार? दोन, चोरीची प्रत. डिजिटल चित्रपटाच्या दर पाच मिनिटांच्या तुकड्यात डोळ्यांना न दिसणारी खूण असते आणि तीत थिएटरची ओळख व वेळ असते. पडद्यावरून कॅमेऱ्याने उतरवलेली प्रत हाती लागली की कोणत्या पडद्यावर, कोणत्या खेळाला ती चोरली ते काढता येते. पण तोवर ती पसरलेली असते. पहिला खेळ आणि शेवटच्या देशातला पहिला खेळ यांत जितके दिवस, तितके दिवस चोराला मोकळे रान.

निम्म्या खुर्च्या म्हणजे निम्मा गल्ला. निम्म्यावरही लावला असता तर काही तरी मिळालेच असते. एवढी भीती कशाची?
— एक बुकिंग क्लार्क, बार्शी

तुम्ही खिडकीत बसता, म्हणून आकड्यांतच सांगतो. बाँडची लांबी 163 मिनिटे आहे. मध्यंतर 15, जाहिराती आणि ट्रेलर 12, प्रेक्षक बाहेर काढून सफाई 20. एका खेळाला 210 मिनिटे लागतात, म्हणजे साडेतीन तास. सकाळी 10 ते रात्री 12 या चौदा तासांत चार खेळ बसतात. आता रात्री 10 ला बंद करायचे ठरले तर बारा तास उरतात आणि त्यात तीनच खेळ बसतात. 300 खुर्च्यांच्या टॉकीजमध्ये एरवी दिवसाला 1,200 तिकिटे निघतात. निम्म्या खुर्च्या आणि तीन खेळ धरले तर 450. निम्मे म्हणता म्हणता साडेसदतीस टक्क्यांवर येतो. सफाईला 20 ऐवजी 30 मिनिटे लागली की पूर्ण चौदा तासांतही चार खेळ बसत नाहीत.

आणि हा तोटा चुकीच्या आठवड्यात होतो. हिंदी चित्रपटांसाठी मल्टिप्लेक्स आणि निर्माते यांच्यात 2009 पासून चालत आलेली वाटणी अशी: कर वजा जाता पहिल्या आठवड्यात वितरकाला 50 टक्के, दुसऱ्यात 42.5, तिसऱ्यात 37.5, पुढे 30. त्या काळी 100 रुपयांवरील तिकिटावर 18 टक्के जीएसटी होता. तेव्हा 150 रुपयांच्या तिकिटातून कर काढून 127 रुपये 12 पैसे उरतात. पहिल्या आठवड्यात वितरकाला त्यातले 63 रुपये 56 पैसे, चौथ्यात 38 रुपये 14 पैसे. खुर्च्या निम्म्या असल्या की पहिल्या आठवड्यात न आलेला प्रेक्षक दुसऱ्या-तिसऱ्यात येईल असे म्हटले, तरी तो वितरकाला कमी पैसे घेऊन येतो. त्यातही 2021 मध्ये बऱ्याच हिंदी चित्रपटांनी ओटीटीची मुदत आठ आठवड्यांवरून चारवर आणली होती. ‘सूर्यवंशी’ 5 नोव्हेंबर 2021 ला थिएटरात आला आणि डिसेंबरच्या पहिल्याच आठवड्यात नेटफ्लिक्सवर दिसला. घरबसल्या चार आठवड्यांत मिळणार असेल तर उशिरा येणारा प्रेक्षक उशिराही येत नाही.

थांबण्यालाही पैसे पडतातच. 100 कोटी रुपये 12 टक्क्यांनी अडकले तर सरळ व्याजाने महिन्याला 1 कोटी होतात. ‘सूर्यवंशी’ मार्च 2020 ऐवजी नोव्हेंबर 2021 मध्ये लागला, म्हणजे वीस महिने गेले. ज्याचा खर्च मोठा त्याचे व्याजही मोठे, पण निम्म्या नकाशावर लावण्याचा तोटा त्याहून मोठा. ज्यांना हे व्याज पेलले नाही त्यांनी ओटीटीला विकून मोकळे व्हायचे ठरवले. त्यांना नावे ठेवण्याचे कारण नाही.

आमचे एक पडद्याचे टॉकीज आहे. तारीख ऐन वेळी बदलली की कुलूपबंद फाईल आणि चावीचे काय होते? शिवाय टॉकीज बरेच महिने बंद राहिले तर उघडताना काय पाहावे?
— एक टॉकीजचालक, माळशिरस तालुका

आधी चावीचे. डिजिटल चित्रपटाची मूळ फाईल, म्हणजे डीसीपी, कुलूपबंद येते. तिचा वेग सेकंदाला जास्तीत जास्त 250 मेगाबिट असू शकतो, त्या हिशेबाने 163 मिनिटांचा चित्रपट 305 जीबीपर्यंत जातो. ही फाईल तारखेच्या काही दिवस आधी पोचवता येते, कारण चावीशिवाय ती निरुपयोगी असते. चावी, म्हणजे केडीएम, ही काही किलोबाइटची फाईल ई-मेलने येते. तीत तीन गोष्टी एकत्र बांधलेल्या असतात: चित्रपटाची नेमकी कोणती आवृत्ती, तुमचा नेमका कोणता सर्व्हर, आणि कोणत्या वेळेपासून कोणत्या वेळेपर्यंत. तिन्ही जुळल्या तरच पडदा उजळतो.

तारीख पुढे गेली आणि चावी अजून निघाली नसेल, तर काही करायचे नाही. डिस्क परत मागवतात किंवा फाईल पुसायला सांगतात. चावी निघाली असेल तर मात्र ती परत घेता येत नाही, म्हणूनच वितरक ती अगदी शेवटच्या दिवशी पाठवतात. नवी तारीख लागली की नवी चावी, आणि मधल्या काळात चित्रपटात कात्री लागली असेल तर फाईलही नवी. जुनी फाईल तशीच ठेवून नवी चावी भरली की सर्व्हर ‘चावी नाही’ म्हणतो आणि ऑपरेटर पहाटेपर्यंत फोन करत बसतो. म्हणून आधी जुनी फाईल काढावी, मग नवी भरावी.

तेलुगू आणि हिंदी दोन्ही आवृत्त्या लावणाऱ्यांनी आणखी एक जपावे. चित्र एकाच मूळ फाईलमध्ये असते आणि दुसऱ्या भाषेच्या फाईलमध्ये बहुधा आवाज आणि बदललेल्या पाट्या एवढेच असते. मूळ फाईल न भरता फक्त हिंदीची भरली तर ती अपुरी दिसते. आणि चावी प्रत्येक भाषेची वेगळी लागते. सकाळचा तेलुगू खेळ चालला म्हणून दुपारचा हिंदी चालेलच असे नाही. दोन्ही चाव्या आदल्या दिवशी भरून पाहाव्यात.

वेळेची चूकही नेहमीची. चावीतील वेळ कधी ग्रीनिच वेळेत लिहिलेली असते, आपली त्याहून साडेपाच तास पुढे. ‘00:00’ वाचून मध्यरात्रीचा खास खेळ लावाल तर चावी पहाटे साडेपाचला जागी होईल.

आता बंद टॉकीजचे. महामारीत सर्वात जास्त फसवले ते सर्व्हरमधल्या मीडिया ब्लॉकच्या बॅटरीने. या भागातच सर्व्हरची गुप्त ओळख साठवलेली असते. वीज बराच काळ बंद राहून बॅटरी संपली की ती ओळख पुसली जाते. मग भाग कंपनीकडे पाठवावा लागतो, आणि परत आला की त्याचे प्रमाणपत्र नवे असते. जुन्या प्रमाणपत्रावर काढलेली कोणतीही चावी त्यावर चालत नाही. म्हणून टॉकीज बंद असले तरी सर्व्हर आठवड्यातून एकदा काही तास चालू ठेवावा. भाग बदललाच असेल तर नवे प्रमाणपत्र वितरकाच्या चावी काढणाऱ्या विभागाला त्याच दिवशी पाठवावे, गुरुवारपर्यंत थांबू नये. सर्व्हरचे घड्याळही पाहावे. त्यात वर्षाला काही मिनिटांपुरतीच दुरुस्ती तुम्हाला करता येते, जास्त चुकले असेल तर तंत्रज्ञच लागतो.

बाकी क्रम असा ठेवा. यंत्र लावण्याआधी न्यूट्रल आणि अर्थिंग यांमधला दाब मोजा, तो दोन व्होल्टच्या आत हवा. उंदरांनी पडद्यामागच्या स्पीकरच्या तारा कुरतडल्या आहेत का ते टॉर्च घेऊन एकेक तार हाताने चाचपून पाहा. बंद टॉकीजमध्ये हे हमखास होते, आणि एकच बाजू मुकी झाली तर रिकाम्या थिएटरात लक्षात येत नाही, भरल्या खेळाला येते. प्रोजेक्टरची हवेची गाळणी बदला, धुराड्याचा पंखा फिरतो का पाहा, शीतद्रवाची पातळी तपासा. झेनॉन दिवा थंड असला तरी आतून दाबाखाली असतो. चेहरा पूर्ण झाकणारी सुरक्षा-ढाल आणि हातात जाड मोजे असल्याशिवाय त्याला हात लावू देऊ नका. पडद्यावर ओलीचे, बुरशीचे डाग आले असतील तर घासू नका, आवाज येण्यासाठी पडद्याला असलेली बारीक भोके बुजतात आणि आवाज दबतो.

मग दोन मोजमापे घ्या. पडद्याच्या मध्यभागी पांढऱ्या चित्रावर उजेड 14 फूट-लँबर्ट हवा. पडद्यामागच्या प्रत्येक स्पीकरमधून चाचणीचा आवाज सोडला की फेडर, म्हणजे आवाजाचे बटण, 7 वर असताना मधल्या खुर्चीवर 85 डेसिबल यावेत. उजेड 10 च्या खाली गेला असेल तर दिवा जुना झाला किंवा आरसा धुळीने भरला. आधी आरसा पाहा, तो स्वस्त पडतो.

फाईल भरायलाही वेळ राखा. 300 जीबी सेकंदाला 100 मेगाबाइटच्या वेगाने 50 मिनिटांत भरते, जुन्या यूएसबीवर 30 च्या वेगाने पावणेतीन तास लागतात, आणि नंतर तपासणी. शुक्रवारी सकाळी 10 च्या खेळाची डिस्क सकाळी 8 ला आली तर पहिला खेळ गेलाच म्हणून समजा.

2020 मध्ये सेन्सॉर झालेला चित्रपट 2021 मध्ये लावताना पुन्हा सेन्सॉर करावा लागला का?
— एक वाचक, पंढरपूर

नाही. त्या वेळी प्रमाणपत्राची मुदत दहा वर्षे होती, 2023 च्या दुरुस्तीने ती कायमची झाली. मधल्या काळात काही दृश्ये घातली किंवा बदलली असतील तरच बदललेल्या भागासाठी मंडळाकडे जावे लागते.

तुळजापूर आमच्यापासून पाऊण तासावर. तरी तिथला वितरक वेगळा आणि इथला वेगळा, असे का?
— एक वाचक, जुना तुळजापूर नाका

चित्रपट व्यवसायाने आखलेला नकाशा आजच्या राज्यांचा नाही, 1947 च्या आधीचा आहे. सोलापूर मुंबई इलाख्यात होते, म्हणून ते मुंबई सर्किटमध्ये, म्हणजे वितरणाच्या मुंबई विभागात, येते. तुळजापूरचा धाराशिव जिल्हा निजामाच्या राज्यात होता, म्हणून तो तेलंगणासोबत निजाम सर्किटमध्ये. हक्क सर्किटनुसार विकले जातात, आणि महामारीत तारीख हलली की प्रत्येक सर्किटचा करार वेगळा उघडावा लागला: आगाऊ रक्कम परत की पुढच्या तारखेवर, किमान हमीची रक्कम तीच की कमी. मुंबई सर्किटमध्ये गुजरात आणि उत्तर कर्नाटकचा काही भागही येतो, त्यामुळे एकाच वितरकाच्या हातात एकाच शुक्रवारी तीन राज्यांचे तीन नियम असत. हिंदी चित्रपटांनी 25 सप्टेंबर 2021 पर्यंत दम धरला तो यामुळेच. त्या दिवशी महाराष्ट्राने 22 ऑक्टोबरनंतर थिएटरे उघडण्याचे जाहीर केले आणि पुढच्या दोन दिवसांत नव्या तारखांची रांग लागली. मुंबई सर्किटशिवाय मोठ्या हिंदी चित्रपटाचा हिशेब जमत नाही.

‘आरआरआर’ 7 जानेवारी 2022 ला येणार म्हणून आम्ही गड्ड्याच्या सुट्टीचे बेत केले होते. आठवडाभर आधी तो रद्द का झाला? आमच्या तेलुगू वस्तीच्या पूर्व भागात फार हिरमोड झाला.
— एक वाचक, अशोक चौक

तुमचा हिरमोड अगदी समजण्यासारखा आहे. संक्रांत, सिद्धेश्वराची गड्डा यात्रा आणि तेलुगू घरांतला सण हे सगळे एकाच पंधरवड्यात येते. सोलापूरच्या तेलुगू प्रेक्षकासाठी याहून चांगली तारीख नव्हती, आणि निर्मात्यांनीही ती संक्रांतीच्या गर्दीसाठीच निवडली होती.

या चित्रपटाची पहिली तारीख 30 जुलै 2020 होती. मग 8 जानेवारी 2021, मग 13 ऑक्टोबर 2021, मग 7 जानेवारी 2022. शेवटची तारीख ओमायक्रॉनने घेतली. 28 डिसेंबर 2021 ला दिल्लीतील थिएटरे बंद झाली, महाराष्ट्र निम्म्यावर होता, तमिळनाडूही निम्म्यावर आला. 1 जानेवारी 2022 ला तारीख मागे घेतली गेली. एका भाषेचा चित्रपट असता तर तेलुगू राज्यांत लावून चालले असते. हा तेलुगू, तमिळ, हिंदी, कन्नड आणि मल्याळम अशा पाच भाषांत एकाच दिवशी लागणार होता, आणि त्यातला हिंदीचा हिशेब दिल्ली आणि मुंबईवर उभा होता. दोन मोठी दारे मिटली की बाकीच्या भाषांनाही थांबावे लागते, कारण एका भाषेत आधी लावला तर दुसऱ्या भाषेतली उत्सुकता मरते.

त्यानंतर त्यांनी केलेली एक गोष्ट आम्हाला फार शहाणपणाची वाटते. जानेवारीतच त्यांनी दोन तारखा सांगितल्या: थिएटरे लवकर पूर्ण उघडली तर 18 मार्च, नाहीतर 28 एप्रिल. त्यामुळे बाकीच्या तेलुगू निर्मात्यांना आपल्या तारखा राखून ठेवता आल्या. महिनाअखेरीस सगळ्यांनी मिळून वेळापत्रक नव्याने आखले आणि ‘आरआरआर’ला 25 मार्च मिळाली. मध्ये आंध्रातल्या तिकीटदरांचाही अडथळा होता. 2021 मध्ये लावलेले कमी दर मोठ्या चित्रपटाला परवडणारे नव्हते, आणि नवे दर 7 मार्च 2022 ला आले.

सोलापूरकरांसाठी मात्र अजून एक पायरी उरली होती. महाराष्ट्राने 4 मार्च 2022 पासून पूर्ण आसनांची मुभा दिली ती लसीकरणाच्या निकषात बसणाऱ्या 14 जिल्ह्यांना. पुणे, सातारा, सांगली, कोल्हापूर त्या यादीत होते, सोलापूर नव्हते. उरलेल्या जिल्ह्यांना निम्म्या आसनांची मर्यादा होती. राज्यातले उरलेसुरले निर्बंध उठले ते गुढीपाडव्याला, 2 एप्रिलला, तेव्हा ‘आरआरआर’चा नववा दिवस होता.